निलंबन काळाचा पगार : मुदत नेमकी कुठून मोजायची?

ताई, तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. उत्तर देण्याआधी तो थोडक्यात मांडते, म्हणजे माझ्या समजण्यात चूक असेल तर लगेच सांगता येईल. तुमचे वडील राज्य शासनाच्या एका विभागात वरिष्ठ लिपिक होते. ऑगस्ट २०१४ मध्ये रोख रकमेच्या अपहाराच्या आरोपावरून निलंबित झाले. डिसेंबर २०१६ मध्ये 'चौकशीच्या अधीन राहून' त्यांना पुन्हा कामावर घेतलं. या २८ महिन्यांत निर्वाह भत्ता, म्हणजे निलंबनात पगाराऐवजी मिळणारी रक्कम, सुरुवातीला पगाराच्या निम्मा होता, तो शेवटपर्यंत निम्माच राहिला. २०१८ मध्ये विभागीय चौकशीतून दोषमुक्त झाले, फेब्रुवारी २०२१ मध्ये फौजदारी न्यायालयाने निर्दोष सोडलं. मार्च २०२१ मध्ये त्यांनी निलंबन कालावधी नियमित करून फरक मिळावा म्हणून अर्ज दिला, नंतर पाच स्मरणपत्रं दिली. मे २०२३ मध्ये निवृत्त झाले. आणि सात महिन्यांपूर्वी कार्यालयाचं दोन ओळींचं पत्र आलं, की निवेदन विलंबाने प्राप्त झाल्यामुळे नस्तीबद्ध करण्यात येत आहे, म्हणजे नस्ती (फाइल) बंद.

तुम्ही दोन वकिलांना विचारलंत. एकांनी सांगितलं, पगाराची मागणी ३ वर्षांत करायची असते, आता सगळं मुदतबाह्य झालं. दुसऱ्यांनी सांगितलं, हे सततचं नुकसान आहे, केव्हाही गेलात तरी चालतं. दोघांच्या बोलण्यात तथ्य आहे, पण अर्धंच. पहिल्यांचं ऐकून घरी बसलात तर हक्काची रक्कम जाईल. दुसऱ्यांचं ऐकून निवांत राहिलात तर थोड्याच महिन्यांत पहिल्यांचं म्हणणं खरं होऊन बसेल. गेली बावीस वर्षं मी मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, सेवाविषयक प्रकरणं चालवते आहे. त्यातली निलंबनाची जी प्रकरणं गुणवत्तेवर भक्कम असूनही बुडाली, त्यातली बरीचशी मुदतीवर बुडाली.

पहिली गोष्ट अशी, की 'मुदत संपली का' हा एक प्रश्न नाही. तुमच्या वडिलांचे पैसे तीन वेगवेगळ्या कप्प्यांतले आहेत आणि प्रत्येकाची मुदत निराळ्या तारखेपासून मोजली जाते. पहिला कप्पा निर्वाह भत्त्याच्या वाढीचा. दुसरा, निलंबन काळातला पूर्ण पगार आणि मिळालेला भत्ता यांतल्या फरकाचा. तिसरा, त्या काळात न मिळालेल्या वेतनवाढींमुळे पुढचा पगार आणि आता निवृत्तिवेतन कमी बसलं, त्याचा. अर्जात हे तिन्ही एकत्र कालवून 'सर्व थकबाकी मिळावी' एवढंच लिहिलं, की सरकारी वकील सगळ्यात जुनी तारीख पकडतात आणि अख्खा अर्ज त्या तारखेवर टांगतात.

निर्वाह भत्त्यापासून सुरू करू. महाराष्ट्रात याला १९८१ चे नियम लागू आहेत, ज्यांना आपण 'पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने' नियम म्हणतो. त्यातला नियम ६८ सांगतो, की पहिले ३ महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका भत्ता आणि त्यावर महागाई भत्ता. त्यानंतर निलंबन लांबलं आणि त्यात कर्मचाऱ्याचा दोष नसेल, तर या भत्त्यात त्याच्याच निम्म्यापर्यंत वाढ करता येते. म्हणजे साधारणपणे पगाराच्या ५० टक्क्यांवरून ७५ टक्क्यांवर. कर्मचाऱ्यामुळे चौकशी रखडली असेल तर तो तितकाच कमीही करता येतो. हा आढावा घेणं सक्षम प्राधिकाऱ्याचं, म्हणजे ज्याला हा निर्णय घेण्याचा अधिकार आहे त्या अधिकाऱ्याचं, काम आहे. तुमच्या वडिलांच्या बाबतीत तो घेतलाच गेला नाही.

निर्वाह भत्ता म्हणजे कार्यालयाने केलेली मेहेरबानी असा समज अजून अनेक आस्थापना शाखांत आहे, म्हणून एक आठवण करून देते. खालच्या न्यायालयात शिक्षा झाली पण अपील चालू आहे, अशा निलंबित कर्मचाऱ्याला महिन्याला फक्त १ रुपया निर्वाह भत्ता, असा नियम मुंबई नागरी सेवा नियमांत एकेकाळी होता. १९८३ साली चंद्रभान ताले यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. एका रुपयात कुटुंब जगत नाही हे न्यायालयाला सांगावं लागलं, आणि ते आपल्याच राज्याच्या नियमाबद्दल सांगावं लागलं.

पण हक्क पक्का असला तरी मुदत वेगळी असते. निर्वाह भत्ता दर महिन्याला देय होतो, म्हणून कमी मिळालेल्या भत्त्याची तक्रारही दर महिन्याला जन्माला येते आणि शेवटचा हप्ता मिळाला तिथे संपते. तुमच्या बाबतीत ते डिसेंबर २०१६. फक्त याच फरकासाठी आज नवा अर्ज केला तर तो टिकेल असं मी तुम्हाला सांगणार नाही. मग ही मागणी सोडून द्यायची का? नाही. ती पर्यायी मागणी म्हणून ठेवायची. निलंबन काळ 'कर्तव्य कालावधी', म्हणजे कामावर असल्यासारखा धरलेला काळ, ठरला तर पूर्ण पगारच मिळणार आणि भत्त्याचा प्रश्न त्यात विरून जाईल. पूर्ण पगार नाकारला गेला, तर निदान वाढीव दराने भत्ता धरून हिशोब करा, असं म्हणायला जागा राहते.

खरं प्रकरण दुसऱ्या कप्प्यात आहे, आणि तिथे तुमची बाजू तुम्हाला वाटते त्यापेक्षा बरी आहे.

याच नियमांतला नियम ७२ असा आहे : निलंबित कर्मचाऱ्याला परत कामावर घेताना सक्षम प्राधिकाऱ्याने दोन गोष्टींवर स्पष्ट आदेश काढायचे असतात. निलंबन काळासाठी किती पगार द्यायचा, आणि तो काळ कर्तव्य कालावधी धरायचा की नाही. निलंबन पूर्णपणे असमर्थनीय होतं असं प्राधिकाऱ्याचं मत झालं तर पूर्ण पगार. तसं नसेल तर कमी रक्कम ठरवता येते, पण आधी नोटीस देऊन कर्मचाऱ्याचं म्हणणं ऐकावं लागतं. आणि चौकशी किंवा खटला चालू असतानाच कामावर घेतलं असेल, तर ते प्रकरण संपल्यावर आधीच्या आदेशाचा आढावा प्राधिकाऱ्याने स्वतःहून घ्यायचा असतो. 'स्वतःहून' हा शब्द लक्षात ठेवा. कर्मचाऱ्याने अर्ज करण्याची वाट बघायची मुभा नियमाने प्राधिकाऱ्याला दिलेली नाही.

म्हणून मी पहिल्यांदा विचारीन तो कागद म्हणजे डिसेंबर २०१६ चा पुनःस्थापनेचा, म्हणजे पुन्हा कामावर घेतल्याचा, आदेश. त्याच्या शेवटच्या परिच्छेदात बहुधा असं काही असेल : 'निलंबन कालावधीबाबतचा निर्णय विभागीय चौकशी व न्यायालयीन प्रकरणाच्या अंतिम निर्णयानंतर स्वतंत्रपणे घेण्यात येईल.' हे वाक्य असेल तर वडिलांचा हक्क २०१६ मध्ये पक्व झाला असं कोणी म्हणू शकत नाही. तो झाला फेब्रुवारी २०२१ मध्ये, निर्दोष सुटल्यावर. आणि तो स्वतंत्र निर्णय आजपर्यंत झालेलाच नाही. याउलट त्याच आदेशात 'निलंबन कालावधी निलंबन म्हणूनच गणण्यात येत आहे' असं लिहून विषय मिटवलेला असेल, तर गणित पार बदलतं. मग २०१६ चा आदेश हाच अंतिम आदेश ठरू शकतो आणि खटल्यानंतरचा आढावा का घेतला नाही, एवढ्याच धाग्यावर आपल्याला उभं राहावं लागतं. तुमच्या प्रश्नात हे वाक्य नाही. माझ्या उत्तरातल्या निम्म्या गोष्टी त्या वाक्यावर अवलंबून आहेत.

पहिली शक्यता धरून तारखा मोजू. राज्य कर्मचाऱ्यांसाठी मुदत ठरते ती १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २१ ने. अंतिम आदेश झाला असेल तर त्या तारखेपासून १ वर्ष. अपील किंवा निवेदन दिलं आणि ६ महिन्यांत उत्तरच आलं नाही, तर ते ६ महिने संपल्यापासून १ वर्ष. वडिलांचं निवेदन मार्च २०२१ चं. ६ महिने सप्टेंबर २०२१ मध्ये संपले. मात्र कोविडमुळे १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने सगळ्याच मुदतींतून वगळला आहे. म्हणजे १ वर्ष मोजायचं ते १ मार्च २०२२ पासून, आणि अगदी कठोर हिशोबानेही मुदत फेब्रुवारी २०२३ अखेरपर्यंत होती. विलंब असलाच तर तो तिथून पुढचा आहे, २०१४ पासूनचा नाही. कार्यालयाच्या पत्रातला 'विलंब' शब्द वाचून तुम्ही दहा-अकरा वर्षांच्या विलंबाने घाबरला आहात. तेवढा विलंब नाहीच आहे.

आता तुम्हाला अप्रिय वाटेल असं सांगते. ती पाच स्मरणपत्रं मुदत वाढवत नाहीत. एस. एस. राठोर यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनी १९८९ मध्येच सांगितलं, की नियमात नसलेली निवेदनं पुन्हा पुन्हा दिल्याने मुदत पुढे सरकत नाही. २००८ मध्ये सी. जेकब प्रकरणात त्यापुढे जाऊन म्हटलं, की शिळ्या मागणीवर न्यायालयाने नुसतं 'निवेदनाचा विचार करा' असं सांगितलं आणि खात्याने उत्तर दिलं, तरी त्या उत्तराने मेलेला हक्क जिवंत होत नाही. माझ्याकडे येणाऱ्या दहातल्या सात जणांच्या फायलीत स्मरणपत्रांचा गठ्ठा असतो आणि त्यांना वाटत असतं की तो गठ्ठा म्हणजे आपलं संरक्षण. साहेब सांगतात, 'प्रकरण मंत्रालयात आहे, महिनाभरात होईल,' आणि माणूस थांबतो. वरिष्ठांवर विश्वास ठेवणं हा त्याच्या नोकरीचा स्वभावच झालेला असतो. त्यात त्याचा दोष आहे असं मी मानत नाही, पण कायदा त्याची ही अडचण फारशी ऐकून घेत नाही.

मग त्या गठ्ठ्याचा उपयोग काय? दोन ठिकाणी आहे. एक, विलंब माफ करताना माणूस झोपलेला नव्हता हे त्यातून दिसतं. दोन, आणि हे जास्त महत्त्वाचं, आपली मागणी नुसत्या निवेदनावर उभी नाही. नियम ७२ ने प्राधिकाऱ्यावर टाकलेलं कर्तव्य अजून पार पडलेलं नाही, यावर ती उभी आहे. जेकब प्रकरणातला माणूस संपलेला विषय उकरत होता. तुमच्या वडिलांच्या प्रकरणात विषय संपवणारा आदेशच निघालेला नाही. हा फरक अर्जात ठळकपणे, नियमाच्या शब्दांसकट मांडावा लागतो. मांडला नाही तर न्यायाधिकरण तो आपणहून शोधत बसणार नाही.

आणि म्हणूनच ते सात महिन्यांपूर्वीचं पत्र महत्त्वाचं आहे. लेखी नकार मिळाला तो पहिल्यांदा या पत्राने. ते अंतिम आदेश धरून त्या तारखेपासून १ वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला, तर 'आम्ही मुदतीत आहोत' असं पहिलं म्हणणं मांडता येतं. सरकार राठोर प्रकरण दाखवून विरोध करेल, हे गृहीत धरा. म्हणून त्याच्या जोडीला विलंब माफीचा अर्जही द्यायचा : मुदतीतच आहोत, नाही असं ठरलं तर झालेला विलंब माफ करावा. काही वकील विलंब माफीचा अर्ज देणं म्हणजे विलंब कबूल करणं मानतात आणि टाळतात. माझं मत उलट आहे. तो अर्ज नसेल आणि मुदतीच्या मुद्द्यावर निकाल विरुद्ध गेला, तर हातात काहीच उरत नाही. पर्यायी म्हणून दिलेल्या अर्जाने नुकसान झाल्याचं मी पाहिलेलं नाही.

विलंब माफीच्या अर्जात काय लिहावं हे एका प्रकरणावरून सांगते. काही वर्षांपूर्वी एक निवृत्त वनरक्षक माझ्याकडे आले. विलंब चार वर्षांचा. त्यांनी बिस्किटांचा पत्र्याचा डबा आणला होता. आत प्रत्येक अर्जाची पोहोच, जांभळ्या शाईचा आवक शिक्का, खाली बारनिशी कारकुनाची सही, आणि प्रत्येक कागदाच्या पाठीवर पेन्सिलने लिहिलेलं : कोणाला भेटलो, ते काय म्हणाले, एसटीचं भाडं किती लागलं. त्यातच बायकोच्या डायलिसिसच्या पावत्या होत्या. मी आकर्षक भाषा काहीच वापरली नाही. डब्यातल्या तारखा क्रमाने लावल्या, प्रत्येक तारखेपुढे एक ओळ लिहिली आणि मधले पाच महिने कोरे होते तिथे 'पत्नीचे उपचार' लिहून पावत्या जोडल्या. विलंब माफ झाला. त्याच महिन्यात दुसऱ्या एका प्रकरणात जेमतेम आठ महिन्यांचा विलंब होता, अर्जात 'आजारपण व कौटुंबिक अडचणी' एवढे चार शब्द होते, कागद एकही नव्हता. तो फेटाळला गेला. विलंब किती आहे यापेक्षा त्याचा खुलासा किती खरा आहे हे बघतात, असं आम्ही म्हणतो ते यामुळे.

तुमच्या बाबतीत आणखी एक कागद शोधण्यासारखा आहे. माहिती अधिकारात अर्ज करा, १० रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून, आणि वडिलांच्या निलंबन प्रकरणाच्या नस्तीतल्या टिपणीच्या, म्हणजे अधिकाऱ्यांनी आत लिहिलेल्या शेऱ्यांच्या, प्रती मागा. पत्रव्यवहार तर मागाच, पण टिपणी वेगळी लिहून मागा, नाहीतर फक्त पत्रांच्या प्रती येतात. माझ्या अनुभवात अशा टिपण्यांत हमखास कुठेतरी लिहिलेलं असतं, की 'निलंबन कालावधीबाबत निर्णय प्रलंबित आहे, वरिष्ठ कार्यालयाकडून मार्गदर्शन मागवावे.' २०२२ किंवा २०२३ च्या तारखेखाली असं वाक्य सापडलं, तर निर्णय झालाच नव्हता हे खात्याच्याच अक्षरात सिद्ध होतं. मात्र माहिती येईपर्यंत थांबून १ वर्ष घालवू नका. ३० दिवसांत उत्तर आलं तर उत्तम, नाही आलं तर अर्ज आधी दाखल करा आणि टिपणी नंतर जोडा.

आता तिसरा कप्पा. १ जुलै २०१५ आणि १ जुलै २०१६ या दोन वेतनवाढी निलंबनात गेल्या. शिवाय सातवा वेतन आयोग १ जानेवारी २०१६ पासून लागू झाला तेव्हा वडील निलंबितच होते, म्हणजे त्यांची वेतननिश्चितीही निलंबनाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहिलेली असणार. सेवापुस्तकाचं ते पान काढून बघा. वेतनवाढ ३ टक्क्यांची. समजा निवृत्तीच्या वेळी मूळ वेतन ५०,००० रुपये होतं, तर दोन वाढींचा फरक सुमारे ३,००० रुपये आणि निवृत्तिवेतनात त्याच्या निम्मा, १,५०० रुपये, वर महागाई वाढ. हा फरक वडील आहेत तोवर दर महिन्याला, आणि पुढे आईंच्या कुटुंब निवृत्तिवेतनातही राहणार. निलंबनाचा काळ निवृत्तिवेतनासाठीच्या सेवेत धरायचा की नाही, हेही त्याच न निघालेल्या आदेशावर लटकलेलं आहे.

इथे दुसऱ्या वकिलांचं म्हणणं लागू पडतं. चुकीच्या वेतननिश्चितीने दर महिन्याला कमी पैसे मिळत असतील तर ते सततचं नुकसान आहे, असं १९९५ मध्ये एम. आर. गुप्ता प्रकरणात ठरलं. २००८ मध्ये तरसेम सिंग प्रकरणात त्याची मर्यादाही आखून दिली : उशिरा आलात तरी दाद मिळेल, पण थकबाकी अर्जाच्या तारखेमागच्या ३ वर्षांचीच. याचा व्यवहारातला अर्थ असा, की अर्ज एक महिना लांबला की मागच्या टोकाचा एक महिना गळून पडतो. तुम्ही विचार करण्यात सहा महिने घालवलेत तर सहा महिन्यांचा फरक कायमचा गेला. त्याच निकालात एक अपवादही आहे. मागणीमुळे इतरांच्या स्थिरावलेल्या हक्कांना धक्का बसत असेल, म्हणजे ज्येष्ठता किंवा पदोन्नती, तर सततच्या नुकसानीचा मुद्दा चालत नाही. तुम्ही शेवटी विचारलं आहे, की वडिलांची प्रथम लिपिकाची पदोन्नती हुकली तीही मागावी का. माझा सल्ला, मागू नका. मागणी अन्यायकारक आहे असं मी म्हणत नाही, पण ती जोडली की पूर्ण अर्जाला शिळेपणाचा वास लागतो आणि हातातोंडाशी आलेला वेतनवाढींचा मुद्दाही त्यात अडकतो.

सरकार तरसेम सिंग प्रकरणातली ३ वर्षांची मर्यादा दुसऱ्या कप्प्यालाही लावू बघेल, म्हणजे २०१४ ते २०१६ च्या पगाराची रक्कम द्यायला नकार देईल. त्याला उत्तर १९८० च्या मैमूना खातून प्रकरणात आहे. बडतर्फी न्यायालयाने रद्द ठरवली, तर मधल्या काळाचा पगार देय होतो तो त्या निकालानंतर, आणि मुदतही तिथूनच मोजायची, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं. कारण त्याआधी कर्मचारी मागणार तरी कशाच्या जोरावर? निलंबनाच्या अंतिम निर्णयालाही हाच तर्क लागू व्हावा, असं आम्ही मांडतो. ते नेहमीच मान्य होतं असं नाही. बऱ्याचदा मधला मार्ग निघतो : काळ कर्तव्य कालावधी धरा, वेतनवाढी काल्पनिक (फक्त हिशोबापुरत्या) द्या, निवृत्तिवेतन सुधारा, पण निलंबन काळाची रोख थकबाकी नाही. असा निकाल मिळाला तर त्याला हार समजू नका. वडिलांचं वय आणि पुढचं कुटुंब निवृत्तिवेतन धरून हिशोब केलात तर अनेकदा त्याच भागाची किंमत जास्त निघते.

निर्दोष सुटलो म्हणजे पूर्ण पगार आपोआप मिळतो, हा समजही दुरुस्त करायला हवा. १९९७ मध्ये कृष्णकांत बिभवणेकर प्रकरणात याच नियम ७२ च्या संदर्भात सर्वोच्च न्यायालयाने निर्दोष सुटलेल्या कर्मचाऱ्याला निलंबन काळाचा पगार नाकारला होता. म्हणून खटल्याचा निकाल पूर्ण वाचावा लागेल. साक्षीदार फितूर झाले म्हणून सुटले, की रोकड वहीच्या नोंदी बरोबर होत्या असं न्यायालयाने म्हटलं, यात खूप अंतर आहे. तुमची जमेची बाजू ही, की विभागीय चौकशीतही ते दोषमुक्त झाले आहेत. दोन्हीकडून सुटलेल्या माणसाचं निलंबन असमर्थनीय नव्हतं असं म्हणायचं, तर प्राधिकाऱ्याला कारणं लिहावी लागतील, आणि लिहिण्याआधी नोटीस द्यावी लागेल.

सगळ्या मागण्या एकाच अर्जात करा, हे मी इतक्या आग्रहाने का सांगते त्यामागे जुना इतिहास आहे. सरकारी नोकर पगाराच्या थकबाकीसाठी दावा करू शकतो, हे फेडरल कोर्टाने १९४७ मध्ये ताराचंद प्रकरणात मान्य केलं. मुंबई राज्यातले मामलेदार माधव लक्ष्मण वैकुंठे यांची प्रवासभत्त्याच्या बिलावरून पदावनती झाली होती. ती बेकायदा ठरली, पण थकबाकीला ३ वर्षांची मुदत आडवी आलीच. आणि १९७७ मध्ये मध्य प्रदेश विरुद्ध महाराष्ट्र असा एक निकाल झाला. राज्य पुनर्रचनेमुळे दोन राज्यं एकमेकांसमोर होती, पण मूळ माणूस मध्य प्रांत व वऱ्हाडच्या सेवेतला, आधी निलंबित आणि मग बडतर्फ झालेला. पहिल्या दाव्यात त्याने आदेश बेकायदा ठरवून घेतले, पगार मागितला नाही. जिंकला. मग पगारासाठी दुसरा दावा केला. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, पगार पहिल्याच दाव्यात मागता आला असता, आता नाही. इतकी वर्षं लढून, जिंकून, हाती पैसा नाही. मॅटमध्ये दिवाणी दाव्याची सगळी बंधनं तशीच्या तशी लागू नसली, तरी 'तेव्हाच का मागितलं नाही' हा प्रश्न तिथेही विचारला जातो.

अर्ज वडिलांच्याच सहीने जाईल, तुमच्या नाही. दाखल कुठे करायचा, मुंबई, नागपूर की छत्रपती संभाजीनगर, हे त्यांचा जिल्हा कळल्यावर सांगता येईल. थेट उच्च न्यायालयात जाऊ नका. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालय, हाच क्रम आहे.

हे वाचणाऱ्या इतरांसाठी : वरच्या मुदती राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या आहेत. जिल्हा परिषद कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांचा मार्ग विभागीय आयुक्त आणि उच्च न्यायालय असा जातो. महामंडळातले जे कामगार अनुचित कामगार प्रथांच्या कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात जातात, त्यांना तक्रारीला ९० दिवसच असतात. आणि आज जे निलंबित आहेत त्यांनी ३ महिने होताच भत्तावाढीचा लेखी अर्ज द्यावा, दरमहा 'अन्यत्र नोकरी करत नाही' हे प्रमाणपत्र देऊन पोहोच घ्यावी. ३ महिन्यांत दोषारोपपत्र मिळालं नसेल तर अजयकुमार चौधरी प्रकरणातला २०१५ चा निकाल आणि त्यावरून निघालेला ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय दाखवून निलंबन संपवण्याची मागणी करावी. निलंबनाविरुद्धचं आणि निर्वाह भत्त्याबाबतचं अपील १९७९ च्या शिस्त व अपील नियमांखाली ४५ दिवसांत होतं. नियमातलं अपील मुदतीसाठी मोजलं जातं, स्मरणपत्र नाही.

ताई, तुम्ही या आठवड्यात करायचं ते एवढंच. सेवापुस्तकाची प्रत, खटल्याच्या निकालाची प्रमाणित प्रत, चौकशीचा अंतिम आदेश आणि पोहोच असलेले सगळे अर्ज तारखेप्रमाणे लावा. नस्तीबद्धचं पत्र ज्या पाकिटातून आलं ते टाकून दिलं नसेल तर जपून ठेवा, कारण पत्रावरची तारीख आणि पोस्टाच्या शिक्क्याची तारीख यांत कधीकधी तीन-चार आठवड्यांचं अंतर असतं. आणि २०१६ च्या पुनःस्थापना आदेशातला तो शेवटचा परिच्छेद शब्दशः इथे लिहा. तो आणि पत्राची तारीख कळली, की हातात नेमके किती दिवस आहेत ते मी मोजून सांगते.